हसलं कोण?

तिला आम्ही भोंगा म्हणायचो. पाठीमागे नाही, अगदी तोंडावर. तिलाही ते आवडायचं. हॉस्पिटलच्या तळघरातल्या लाँड्रीत आम्ही चौघी कंत्राटी बायका होतो. तीन मशिनींच्या धडधडाटातून जिचं हसणं वर पार्किंगपर्यंत पोचायचं अशी ती एकटीच. आधी शिट्टीसारखा बारीक आवाज, मग श्वास अडकल्यासारखी क्षणभर शांतता, आणि मग जो काय भोंगा सुटायचा की नवीन माणूस दचकून आग कुठे लागली ते बघायला लागायचा. दिसायला म्हणाल तर काडी. एवढ्याशा देहात एवढा आवाज ही ठेवते कुठे, हे मला नऊ वर्षांत कळलं नाही.

मी तिच्याबद्दल सांगणार आहे. माझ्याबद्दल चांगलं सांगण्यासारखं यात फारसं काही नाही. हे आधीच सांगून टाकते, म्हणजे पुढे कुणी तोंड वाकडं करायला नको.

आमचं काम सरळ होतं. वॉर्डातल्या मळक्या चादरी धुवायच्या, वाळवायच्या, घड्या घालून परत वर पाठवायच्या. एवढ्या मोठ्या चादरीची घडी एकटीला घालता येत नाही. दोघींनी दोन बाजूंची टोकं धरायची, चादर झटकायची, मग एकमेकींकडे चालत यायचं, हातातली टोकं दुसरीच्या हातात द्यायची आणि पुन्हा लांब जायचं. मशीन चालू असताना लांबून बोललेलं काही ऐकू येत नाही. जे काय बोलायचं ते टोकं देता-देता, दोघींची तोंडं जवळ येतील तेवढ्या वेळात. त्यामुळे आमच्याकडे कुठलीही गोष्ट हप्त्याहप्त्याने सांगितली जायची. पहिल्या चादरीला, "काल आमच्याकडे काय झालं माहितीये?" दुसऱ्या चादरीला, "जाऊबाईंचा चष्मा हरवला." तिसरीला, "घर डोक्यावर घेतलं." सहाव्या चादरीला कुठे कळायचं, की चष्मा जाऊबाईंच्याच कपाळावर होता आणि भोंगा अर्धा तास त्यांच्याबरोबर पलंगाखाली तो शोधत होती. कपाळावर दिसत असूनही. सातवी चादर हमखास जमिनीवर पडायची आणि पुन्हा धुवायला जायची.

आमच्यातली धाकटी नवीन कामाला लागली तेव्हा तोंडावर हात ठेवून हसायची. भोंगाने एक दिवस तो हात खाली ओढला.

"दात किडलेत का तुझे?"

"नाही ताई."

"मग झाकतेस काय?"

धाकटीला तसंच शिकवलं होतं, आणि मलाही. मुलीच्या जातीनं खिदळू नये, चारचौघांत दात दाखवू नयेत, थोरामोठ्यांसमोर तर हूं की चूं नाही. काही जणी त्यातून हात आडवा धरून हसायला शिकतात. मी हसणंच सोडून दिलं होतं. ते सोपं पडतं. भोंगाच्या गोष्टींना मी नाकातून हवा सोडायची आणि ती म्हणायची, "चला, हिच्या कुकरची अर्धी शिट्टी तरी झाली."

आमच्या सुपरवायझरला मात्र ते हसणं खुपायचं. "कशाला हसताय?" हा त्याचा ठरलेला प्रश्न. बायका हसल्या म्हणजे आपल्यालाच हसल्या, अशी त्याची पक्की खात्री होती. खरं सांगायचं तर दहातून आठ वेळा ती बरोबर होती.

भोंगाचा नवरा लांबच्या शहरात ट्रक चालवायचा आणि वर्षातून दोनदा उगवायचा. ती आणि तिची मुलगी दिराच्या घरात एका खोलीत राहायच्या. मधली भिंत पातळ. भोंगा हसली की पलीकडून जाऊबाई भिंतीवर उलथनं आपटायच्या. म्हणून घरी ती उशीत तोंड खुपसून हसायची. तिची मुलगी म्हणायची, "आई, एक दिवस गुदमरशील अशानं." हे सांगतानाही भोंगा हसायची, पण एकदा चादरीची टोकं माझ्या हातात देता-देता ती हळूच म्हणाली, "आता पोरगीपण उशी घेते गं."

हॉस्पिटलच्या मागे कायम नोकरीतल्या लोकांना राहायला खोल्या होत्या. प्रत्येकाला दोन खोल्या आणि वेगळं न्हाणीघर. भिंती जुन्या बांधणीच्या, हातभर जाड. भोंगा येता-जाता त्या भिंतींवर थाप मारायची आणि म्हणायची, "बघ, आतून काही ऐकू येतंय? नाही ना? इथे माणसानं वाटेल तेवढं हसावं."

आणि त्या वर्षी लाँड्रीतली एक जागा कायम होणार होती. एकच. भोंगाची अकरा वर्षं झाली होती, माझी नऊ. आमच्यातल्या थोरल्या, मावशी, वयात बसत नव्हत्या, धाकटी अगदीच नवीन. म्हणजे जागा भोंगाची. यादीत पहिलं नाव तिचं, दुसरं माझं. महिनाअखेरीला पत्र निघणार होतं. गरज मलाही होती, नवरा घरी बसून होता, पण तिच्या पुढे जायचं माझ्या स्वप्नातही नव्हतं. हे मी अगदी शपथेवर सांगते.

वीस तारखेला तक्रार आली.

वरच्या मजल्यांवरून मळके कपडे खाली यायला भिंतीत पत्र्याचा एक चौकोनी बोगदा आहे. प्रत्येक मजल्यावर त्याला झाकण. झाकण उघडायचं, चादर सोडायची, की ती घरंगळत आमच्या डोक्याशी येऊन पडते. आम्ही त्याला घसा म्हणायचो. घशातून चादरी खाली येतात तसा आवाज वर जातो, हे सगळ्यांना ठाऊक होतं. वरच्या नर्सबाई कधीकधी झाकण उघडून ओरडायच्या, "भोंगाबाई, जरा हळू, पेशंट झोपलेत."

चौथ्या मजल्यावर एक म्हातारी बाई वारली होती. सकाळी अकराची वेळ. मुलगा पलंगाशी उभा होता. डॉक्टरांनी मान हलवली आणि नेमक्या त्याच वेळी बाहेर बाईच्या हसण्याचा आवाज आला. मोठा, थांबता थांबेना असा. मुलगा धावत बाहेर आला. तिथे घशाच्या झाकणाशी त्याची बायको उभी होती. ती म्हणाली, "खालून आला आवाज."

त्याने लेखी तक्रार दिली. 'माझी आई जात असताना तुमची बाई खाली हसत होती. ती कोण ते मला कळलंच पाहिजे.' सुपरवायझरने ते आम्हाला वाचून दाखवलं. आपलं माणूस जातंय आणि कुणीतरी खिदळतंय, कुणाचंही डोकं फिरेल. त्या माणसाच्या रागात मला काही वावगं वाटलं नव्हतं.

पण आम्ही हसलो नव्हतो. हीच तर पंचाईत होती. त्या आठवड्यात भोंगाची दाढ सुजली होती. गाल एवढा फुगलेला, डोक्यावरून हनुवटीखाली रुमाल बांधलेला, पाणीसुद्धा तोंडाच्या एका बाजूने पीत होती. सगळी लाँड्री दोन दिवस मेल्यासारखी गप्प होती. आम्ही तिघींनी हे सुपरवायझरला सांगितलं.

"वा! दाढ बरी त्याच दिवशी दुखली," तो म्हणाला. "या हॉस्पिटलात असं हसणारी बाई एकच आहे, हे पोराटोरांना माहीत आहे. सही कर, माफी माग, विषय संपव."

"माफी मागितली तर जागेचं काय?" भोंगाने विचारलं.

"जागा?" तो म्हणाला. "जी बाई हसली तिचं कंत्राटसुद्धा राहणार नाही. वरून तसं ठरलंय."

"मग मी सही नाही करत. मी हसलेच नाही." रुमालामुळे तिचे शब्द बोबडे येत होते. एरवी आम्ही त्यावरून तिला पिडलं असतं.

प्रकरण प्रशासनाच्या मॅडमकडे गेलं. मॅडम वाईट नव्हत्या. त्यांना खरोखरच न्याय करायचा होता, आणि न्याय करायला निघालेल्या माणसाच्या डोक्यातून काय निघेल ते सांगता येत नाही. त्यांनी असं काढलं की, चौघींनी त्या तक्रारदाराला हसून दाखवायचं. चेहरा न दाखवता. तो आत बसणार, दार बंद, आम्ही बाहेरच्या खोलीत. आतून नंबर पुकारला की त्या नंबरच्या बाईने हसायचं. तो आवाज ओळखणार. त्याचं झालं की मग त्याच्या बायकोला आत बसवून पुन्हा तेच. दोघांनी एकमेकांचं ऐकून सांगायला नको, म्हणून तोवर बायकोने बाहेर थांबायचं.

हसून दाखवायचं! मी घरी येऊन नवऱ्याला सांगितलं तेव्हा त्याला आधी खरं वाटेना.

हसून दाखवायच्या आदल्या दिवशी भोंगाची दाढ काढली होती. सकाळी ती आली ती पांढरीफटक. आम्हाला वाटलं दुखतंय. ती म्हणाली, "दुखत नाहीये गं. कालपासून हसून बघतेय. येतच नाही. आणि समजा आलं, तर माझंच हसणं म्हणून तो मलाच धरणार. आणि नाही आलं, तर सुपरवायझर म्हणणार मुद्दाम करते. मी काय करू सांग."



बाहेरच्या खोलीत भिंतीला लागून एक लांब बाक होता. आम्ही चौघी त्यावर बसलो. समोरच्या खुर्चीवर ती बसली होती, तक्रारदाराची बायको. तिशीची असेल. चापून बसवलेले केस, मांडीवर पर्स, पर्सवर दोन्ही हात. आम्ही आल्यावर ती अर्धवट उठली, मग बसली.

"तुम्हाला सगळ्यांना उगीच त्रास," ती म्हणाली.

"तुमचं माणूस गेलंय," भोंगा म्हणाली. "आमचा कसला त्रास? किती वर्षं आजारी होत्या?"

"सहा. अंथरुणातच होत्या."

"करायला कोण होतं?"

ती हसल्यासारखं करून खाली बघत म्हणाली, "मीच की."

भोंगाने तिच्याकडे नीट बघितलं. तेवढ्यात आत सगळे स्थिरस्थावर झाले, दार बंद झालं, आणि कारकुनाचा आवाज आला, "क्रमांक एक!"

मावशींचा नंबर होता. मावशी उभ्या राहिल्या, घसा साफ केला आणि शाळेत कविता म्हणावी तसं म्हणाल्या, "हा. हा. हा." मग त्यांना ठसका लागला.

आतून पुरुषाचा आवाज आला, "ही नव्हे."

"क्रमांक दोन!"

धाकटीच्या डोळ्यांत पाणीच आलं. तिने तोंडावर हात नेला, भोंगाकडे बघून तो खाली घेतला आणि कशीबशी खी-खी करून मटकन खाली बसली.

"ही नव्हे."

मी समोर बघितलं. त्या बाईने ओठ दातांखाली घट्ट धरले होते. खांदे हलत होते. मला वाटलं, सासूच्या आठवणीने रडू येतंय बिचारीला, आणि आम्ही इथे हा तमाशा मांडलाय. मला स्वतःचीच लाज वाटली.

"क्रमांक तीन!"

तीन नंबर माझा. मी उभी राहिले. हसणं म्हणजे आधी तोंड उघडावं लागतं, मग आतून काहीतरी यावं लागतं. वीस वर्षांत मी ते केलं नव्हतं. मी तोंड उघडलं आणि माझ्या घशातून जे निघालं त्याला काय म्हणावं? गंजलेल्या बिजागरीचं दार उघडावं तसा एक लांब आवाज. बस्स. त्यापुढे काही नाही. मी तोंड उघडं ठेवून तशीच उभी.

आणि ती बाई फुटली.

हो, फुटलीच. पर्स खाली पडली. आधी नाकातून, मग हुंदके द्यावेत तसं, मग उंच, तुटक, श्वास घ्यायलाही थांबता येऊ नये असं हसणं. तिने दोन्ही हातांनी तोंड दाबलं तर ते बोटांच्या फटींतून बाहेर येऊ लागलं. डोळ्यांतून पाणी वाहत होतं. चेहरा मात्र हसत नव्हता. चेहऱ्यावर नुसती भीती होती. पाय घसरून खाली जाताना माणसाचा होतो तसा चेहरा.

आत खुर्ची कर्रकन सरकली. "हीच! हाच तो आवाज! दार उघडा, हीच आहे!"

त्या क्षणी आम्हा चौघींना एकदमच कळलं. आवाज खालून आलाच नव्हता.

मावशी देवळातल्या मूर्तीसारख्या बसून राहिल्या. धाकटीने माझा दंड धरला. हलली ती एकटी भोंगा. दोन ढांगांत तिने खोली ओलांडली, त्या बाईचं डोकं धरलं आणि आपल्या खांद्यात दाबलं. गच्च, अगदी गुदमरेल असं. दार उघडलं तेव्हा आलेल्या माणसांना एवढंच दिसलं, की एक बाई दुसरीच्या गळ्यात पडली आहे आणि तिची पाठ गदगदतेय.

आधी तो माणूस बाहेर आला, मागून मॅडम, कारकून, सुपरवायझर. मॅडमनी हातातला कागद बघितला. "क्रमांक तीन कोण?"

मी उभीच होते. सगळ्यांच्या नजरा माझ्यावर. तो माणूस माझ्यासमोर येऊन थांबला. त्याचे डोळे लाल होते. मारेल असं वाटलं नाही, पण मी एक पाऊल मागे सरकले.

"तुम्ही हसलात?" मॅडमनी विचारलं.

"मी नाही," मी म्हणाले. जवळजवळ ओरडलेच. "मी नाही हो मॅडम, माझी शपथ, मी नाही!"

"मग हसलं कोण?"

माझी नजर गेली. मी मुद्दाम नेली नाही, पण गेली. त्या खुर्चीकडे, त्या दोघींकडे. आणखी एक शब्द कुणी विचारला असता तर मी बोट दाखवलं असतं. ते भोंगाला माझ्या तोंडावर दिसलं. नऊ वर्षं चादरीची टोकं देता-घेता ती माझा चेहरा वाचत होती, तिला दिसणारच.

"मी हसले," भोंगा म्हणाली. त्या बाईचं डोकं तिने सोडलं नाही. "हिला जमेना, तोंड उघडून उभी राहिली. ते बघून मला आवरलं नाही. मीच."

"आणि त्या दिवशी?"

भोंगाने किती वेळ घेतला? एक श्वास. तेवढ्या वेळात तिची अकरा वर्षं होती, दोन खोल्या होत्या, उशीत तोंड खुपसणारी पोरगी होती. मला ते सगळं दिसत होतं, म्हणजे तिलाही दिसत असणार.

"त्या दिवशीही मीच," ती म्हणाली.

"मी पहिल्यापासून सांगत होतो," सुपरवायझर म्हणाला.

तो माणूस भोंगाकडे बघत राहिला. "हा आवाज मी जन्मात विसरणार नाही," असं म्हणाला. मग बायकोला म्हणाला, "तू का रडतेस?"

"सासूबाईंची आठवण आली त्यांना," भोंगाच बोलली. "पाणी द्या कुणीतरी."

धाकटीने पाणी आणलं. ती बाई प्यायली आणि नवऱ्यामागून निघून गेली. दारातून बाहेर पडताना तिने मान वळवली, पण त्याने हाक मारली तशी ती पुढे झाली. संसार करतोय हा माणूस तिच्याबरोबर आणि बायकोचं हसणं याला ओळखू आलं नाही! म्हणजे ते त्याने कधी ऐकलंच नसेल. मला तेव्हा त्याचा असा संताप आला की विचारू नका. स्वतःचा यायला हवा होता, तो नंतर आला.

भोंगाचं कंत्राट त्याच दुपारी संपलं. मी तिच्याबरोबर फाटकापर्यंत गेले आणि तिथे तिच्यावर तोंडसुख घेतलं. अक्कल गहाण टाकलीस का, म्हणाले. ती तुझी कोण लागते? तुझ्या पोरीचा विचार केलास का?

"केला ना," ती म्हणाली. "मग काय करायचं होतं? सांगायचं होतं त्याला? तिला त्याच्याबरोबर घरी जायचं होतं गं."

"आणि तुला कुठे जायचंय?"

"मलापण घरीच. पण माझ्या भिंतीवर उलथनं वाजेल, एवढंच." तिने माझ्या पाठीवर हात ठेवला. "तुझं मला काही वाईट वाटलं नाही हं. तू नव्हतीस, तू नाही म्हणालीस." ती हे मनापासून बोलली, म्हणूनच मला जास्त लागलं.

महिनाअखेरीला पत्र निघालं. यादीतलं पहिलं नाव गेलं म्हणून दुसरं वर आलं. मी नको म्हणाले नाही. आठ दिवसांत खोलीची किल्ली मिळाली.

त्यानंतर पंधरा दिवसांनी ती बाई खाली आली. मशिनी बंद होत्या, मी एकटीच होते, मावशी आणि धाकटी गाडी घेऊन वर गेल्या होत्या. ती दारात उभी राहून इकडेतिकडे बघायला लागली.

"त्या ताई कुठे आहेत?"

"कुठल्या?" मी विचारलं. मुद्दाम विचारलं.

"ज्यांनी मला..." तिने स्वतःच्या खांद्यावर हात ठेवला.

"काढलं त्यांना," मी म्हणाले. "त्याच दिवशी. तुमच्यापायी. त्यांची जागा कायम होणार होती, माहितीये? अकरा वर्षं राबली ती बाई." मी भडाभडा बोलले. एवढ्या दिवसांचा राग कुणावर तरी काढायला मिळाला होता.

ती तिथेच मळक्या चादरींच्या ढिगावर बसली. भोंगाला काढतील हे तिला ठाऊकच नव्हतं. तिला वाटलं होतं समज देऊन सोडतील. नवऱ्याने घरी काही सांगितलं नव्हतं, आणि तिने विचारलं नव्हतं.

"सासूबाई रोज सकाळी म्हणायच्या," ती हळू आवाजात सांगायला लागली, "आज मी मरते आणि तुला मोकळी करते. सहा वर्षं, रोज. मी म्हणायची, उद्या मरा, आज मला धुणं आहे. मग त्याही हसायच्या. आमचं दोघींचं ते चालायचं. ह्यांना माहीत नव्हतं, ह्यांच्यासमोर आम्ही दोघीही गप्प असायचो. त्या दिवशी सकाळी मी त्यांचे केस विंचरले तेव्हाही तेच म्हणाल्या. आणि दारातून मला डॉक्टरांनी मान हलवलेली दिसली, तर माझ्या मनात आलं, अगंबाई, आज खरंच बोलल्या की! आणि मला हसू फुटलं. मग थांबेचना. मला त्यांच्याशिवाय त्या घरात हसायला कुणी नव्हतं हो."



ती उठली. डोळे पुसले, पर्स खांद्याला लावली. "मी वर जाते. मॅडमना सांगते. घरी जे व्हायचं ते होईल. फार तर माहेरी जाईन." ती जिन्याकडे निघाली, दोन पायऱ्या चढलीसुद्धा.

मॅडम वरच होत्या. मघाशीच मी त्यांना केबिनमध्ये जाताना बघितलं होतं. त्या खऱ्याची चाड असलेल्या बाई. त्यांनी ऐकलं असतं, आणि ऐकल्यावर भोंगाला परत बोलावलं असतं. आणि जागा एकच होती. माझा नवरा त्या वेळी नव्या खोलीत खिडकीला पडदा लावत होता.

"थांबा," मी म्हणाले.

ती थांबली.

"आता वर जाऊन काही उपयोग नाही. झालं ते झालं. आणि भोंगाला दुसरीकडे काम लागलंय. इथल्यापेक्षा बरं. ती खूश आहे. मघाशी मी रागाच्या भरात बोलले. तुम्ही उगाच कशाला स्वतःच्या घराला काडी लावताय?"

"खरंच खूश आहेत?"

"खरंच."

ती दोन पायऱ्या खाली उतरली, माझे दोन्ही हात हातात घेतले आणि म्हणाली, "तुम्ही फार चांगल्या आहात." मग गेली. पुन्हा आली नाही.

भोंगाला पुढे चार महिने काम नव्हतं. आता ती एका कपड्यांच्या दुकानात मागच्या बाजूला उभ्याने इस्त्री करते. अजून त्याच खोलीत राहते. सुट्टीच्या दिवशी कधीतरी मुलीला घेऊन माझ्याकडे येते, चहा घेते, दुकानातल्या गंमती सांगते. पूर्वीसारख्या हप्त्याहप्त्याने नाही, आता सगळी गोष्ट सलग सांगते. निघताना चपला घालता-घालता दर वेळी एक प्रश्न विचारते.

"ती पोर पुन्हा कधी आली होती का गं तिकडे? मला आपली काळजी वाटते तिची."

"नाही गं," मी म्हणते. "आली नाही."